विद्यार्थ्यास काय येते, हे कसे ओळखावे?



गेल्या पावसाळ्यात खडकवासला जलाशयाच्या वरच्या अंगास असलेल्या एका द्विशिक्षकी शाळेस भेट देण्याचा योग आला. खडकवासला गाव २०२१ मध्ये पुणे महानगरपालिकेत समाविष्ट झाले. परंतु पाण्याच्या काठाकाठाने वर गेले की गोऱ्हे, डोणजे, खानापूर अशी गावे लागतात आणि तेथील शाळा आपल्याच, म्हणजे जिल्हा परिषदेच्या आहेत. बाहेर पावसाची झड लागली होती. चौथीच्या वर्गास बाईंनी फळ्यावर एक वजाबाकी घातली होती : ३०४ वजा १२८. मुलांनी पाट्या पुढे केल्या. बहुतेकांचे उत्तर १७६, म्हणजे बरोबर होते. तिघांचे चुकले होते. एका मुलाने २२४ लिहिले होते, एका मुलीने १२६ आणि तिच्या शेजारणीने १८६.

गुणपत्रकाच्या दृष्टीने या तिन्ही उत्तरांची किंमत एकच, ती म्हणजे शून्य. परंतु मी त्या मुलाजवळ बसलो आणि म्हणालो, “बाळ, हे कसे केलेस ते मला सांग पाहू.” तो म्हणाला, “आठातून चार गेले, चार राहिले. दोनातून शून्य गेले, दोन. तिनातून एक गेला, दोन.” म्हणजे वरची संख्या कोणती आणि खालची कोणती याच्याशी त्यास कर्तव्य नव्हते, प्रत्येक घरात जो अंक मोठा, त्यातून लहान वजा करावयाचा, एवढाच नियम त्याने मनाशी धरला होता. बिनहातच्याच्या वजाबाकीत हा नियम कधीच दगा देत नाही, म्हणून तो इतके दिवस झाकून राहिला होता.

पहिल्या मुलीचे सांगणे निराळे. “चारातून आठ जात नाहीत, म्हणून तिनाकडून एक आणला. चौदातून आठ गेले, सहा. मधे शून्य आहे, त्याच्याकडे काहीच नाही, म्हणून खालचे दोन तसेच उतरवले. वर दोन राहिले होते, त्यातून एक गेला, एक.” हिला हातचा घेता येतो, परंतु शतकातून निघालेला ‘एक’ दशकाच्या घरातून न जाता थेट एककात कसा उतरला, हा प्रश्न तिच्या मनात उद्भवलेलाच नाही. तिच्या लेखी शून्याचे घर म्हणजे रिकामे घर. तिसरीने तर जवळजवळ सर्वच बरोबर केले होते. तिने शतक मोडून दहा दशके केली, त्यातील एक दशक एककास दिले आणि दिलेले दशक वजा करावयास विसरून दहातून दोन नेले, आठ लिहिले.

पहिल्याला हातच्याची कल्पनाच नाही. दुसरीला स्थानिक किंमत पुरती उमगलेली नाही. तिसरीला सर्व समजले आहे, फक्त दिलेल्याची नोंद ठेवण्याची सवय लावावयाची आहे. या तिघांनाही “चुकले, पुन्हा सोडवा” असे सांगून आणखी दहा उदाहरणे दिली, तर तिसरी कदाचित सुधारेल. पहिला व दुसरी मात्र आपापली चूक दहा वेळा गिरवून पक्की करतील. तिघांस ताप आहे म्हणून तिघांस एकच गोळी देणारा वैद्य आपणांस चालत नाही. मग शिक्षकाने तसे का करावे?

प्रस्तुत लेखाचा विषय एवढाच आहे. मुलाचे ज्ञान पारखणे म्हणजे त्यास गुण देणे नव्हे. त्याने उत्तर कोणत्या वाटेने काढले हे जाणून घेणे आणि उद्या त्याला काय शिकवावयाचे ते त्यावरून ठरविणे होय.

हे काही नवीन नाही. डॉ. दौलतसिंह कोठारी यांच्या अध्यक्षतेखालील १९६४-६६ च्या शिक्षण आयोगाने मूल्यमापन ही अखंड चालणारी आणि अध्यापनापासून वेगळी न काढता येणारी प्रक्रिया आहे, असे प्रतिपादन केले होते. त्या आयोगाचे सदस्य-सचिव जे. पी. नाईक हे आपल्या कोल्हापूर जिल्ह्यातले. पुढे बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा अधिकार अधिनियम २००९ मध्ये आला. त्याच्या कलम २९ मध्ये मुलाची समज आणि ती समज वापरण्याची क्षमता यांचे सातत्यपूर्ण व सर्वंकष मूल्यमापन व्हावे असे म्हटले आहे. त्यास अनुसरून राज्य शासनाने २० ऑगस्ट २०१० रोजी निर्णय काढला आणि आकारिक व संकलित मूल्यमापन आपल्या शाळांत सुरू झाले. दैनंदिन निरीक्षण, तोंडीकाम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, चाचणी, स्वाध्याय ही साधने आपणां सर्वांस पाठ आहेत.

पाठ आहेत खरी. परंतु वापरात आहेत काय? येथे थोडे स्पष्ट लिहितो, त्याबद्दल राग मानू नये. वर्णनात्मक नोंदींच्या वह्या तपासताना मला कित्येक वेळा असे आढळले आहे की, बाजारात मिळणाऱ्या पुस्तिकेतील वाक्ये क्रमाने उतरविलेली असतात. “वर्गात लक्ष देतो.” “सुवाच्य लेखन करतो.” “उपक्रमात आनंदाने सहभागी होतो.” एकदा तर एका विद्यार्थ्याच्या दोन्ही सत्रांच्या नोंदी शब्दशः सारख्या होत्या आणि तो विद्यार्थी दुसऱ्या सत्रात ऊसतोडणीस आईबापांबरोबर गेलेला होता. अशा नोंदींखाली अधिकारी या नात्याने माझ्याही सह्या आहेत, हेही येथे नमूद केले पाहिजे. नोंद केली की नाही हे आम्ही पाहत आलो; नोंदीने उद्याचा पाठ बदलला की नाही, हे विचारले नाही.

खडकवासला धरणाच्या परिसरातील शिक्षकांस यासाठी दूरचा दाखला शोधण्याचे कारण नाही. या धरणाची उपयुक्त साठवण सुमारे १.९७ टीएमसी, वरच्या पानशेत, वरसगाव व टेमघर धरणांच्या मानाने लहान. वरून सोडलेले पाणी येथेच येते, म्हणून पावसाळ्यात येथील पाणीपातळी वेळोवेळी मोजतात आणि त्या मोजणीवरून किती दरवाजे किती उचलावयाचे ते ठरवितात. पावसाळा संपल्यावर एकदाच पातळी मोजून वहीत लिहिली असती, तर ती नोंद अचूक ठरली असती, पण तिचा कोणास उपयोग झाला असता? आपली वार्षिक परीक्षा ही अशी पावसाळ्यानंतरची मोजणी आहे. ती नसावी असे मी म्हणत नाही. २०१९ मध्ये अधिनियमात दुरुस्ती झाली आणि त्यानुसार आपल्या राज्यात २०२३-२४ पासून पाचवी व आठवीस वार्षिक परीक्षा आली. तीत व नंतरच्या पुनर्परीक्षेत जो उत्तीर्ण होत नाही, त्यास त्याच वर्गात ठेवता येते. म्हणूनच पाचवीच्या मार्चमध्ये जे उघड होणार, ते दुसरीच्या जुलैमध्ये आपणांस ठाऊक असणे आता अधिकच अगत्याचे झाले आहे.

परीक्षेच्या दिवसासाठी शिकविण्याची खोड मात्र आपल्याकडे जुनी आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुंबई इलाख्यात अनुदानित शाळांस ‘निकालानुसार अनुदान’ देण्याची पद्धत होती. परीक्षक येणार, मुले तपासणार आणि जितकी मुले उत्तीर्ण तितके अनुदान शाळेस मिळणार. जे मोजले जाते तेच शिकविले जाते, याचा अनुभव तेव्हाच आला. ज्या वाक्यांवर परीक्षक बोट ठेवतील ती पाठ करून घेणे हे शिक्षकाच्या दृष्टीने शहाणपणाचे ठरले. ती पद्धत गेली; दिपोटीसाहेबही गेले; पण तपासणीच्या आदल्या दिवशी पुढच्या बाकावर कोणास बसवावे याचा हिशेब अजून आपल्या अंगवळणी आहे.

याबाबत माझ्या स्वतःच्या हातून घडलेली एक चूक सांगतो. डी.एड. होऊन मी पहिल्यांदा नेमणुकीवर गेलो ती शाळा डोंगरातली, चार वर्गांस मी एकटा. चौथीत एक मुलगा होता, अंगाने धट्टाकट्टा, स्वभावाने गोड. वाचनाची पाळी आली की उभा राहून खणखणीत आवाजात धडा वाची. प्रश्नोत्तरे पाठ, कविता पाठ. वार्षिक परीक्षेत तो उत्तीर्ण झाला आणि मी समाधानाने दाखला लिहून दिला. पाचवीस तो खालच्या गावातील शाळेत गेला. तेथे पहिल्याच आठवड्यात नवे पुस्तक हाती आले आणि त्यास उभे करून वाचावयास सांगितले. त्यास एक ओळ वाचता येईना. मुले हसली. तो पुन्हा शाळेत गेला नाही. मोठी बहीण घरी धडे म्हणत असे, ते ऐकून त्याने सारे पुस्तक तोंडपाठ केले होते. वर्षभर तो माझ्यासमोर पुस्तक हातात धरून उभा राहत होता आणि मला ते कळले नाही. एकदा जरी मी पुस्तकाचे पान बदलून दिले असते किंवा मधल्याच एका शब्दावर बोट ठेवून “हा कोणता?” असे विचारले असते, तरी जूनमध्येच उलगडा झाला असता.

म्हणून वाचनाची पारख करताना माझे पहिले सांगणे असे की, मजकूर नवा असावा आणि मूल एकटे असावे. वर्गासमोर उभे करून घेतलेली वाचनाची परीक्षा ही वाचनापेक्षा धीटपणाची परीक्षा होते. पडवीत, झाडाखाली, जेथे इतर मुले ऐकत नाहीत अशा जागी मुलास शेजारी बसवावे, समोर नव्हे. ‘प्रथम’ संस्थेच्या पुढाकाराने २००५ पासून चालत आलेल्या ‘असर’ या पाहणीत वापरण्यात येणारी पायरी साधी आहे आणि ती कोणत्याही शाळेत वापरता येते. एका कागदावर काही सुटी अक्षरे, काही साधे शब्द, पहिलीच्या पातळीचा चार ओळींचा परिच्छेद व दुसरीच्या पातळीची लहानशी गोष्ट. परिच्छेद वाचता आला तर गोष्ट द्यावी. न आला तर शब्द, तेही न आले तर अक्षरे. मूल ज्या पायरीवर सहज उभे राहते, ती त्याची पायरी. एका मुलास पाच मिनिटांहून अधिक वेळ लागत नाही. तीस मुलांचा वर्ग असेल तर रोज पाच याप्रमाणे सहा दिवसांत काम होते. निपुण भारत अभियान २०२१ मध्ये सुरू झाल्यापासून अशा तक्त्यांचा आपल्याकडे तुटवडा नाही. तक्ता भिंतीवर लावलेला असतो. त्यापुढे मूल बसविलेले नसते, एवढेच.

मूल अडखळते तेव्हा कोठे अडखळते ते कान देऊन ऐकावे. मराठीत अडण्याच्या जागा ठरलेल्या आहेत. काना-मात्रा येणारे मूल जोडाक्षराशी थांबते. त्यातही रफार आणि पायात लागणारा र यांचा घोटाळा फार. ‘सूर्य’ वाचता येतो पण ‘चक्र’ वाचता येत नाही, असे मूल वरवर पाहता ‘अप्रगत’ दिसते. प्रत्यक्षात त्याचे अडलेले काम दोन दिवसांचे असते. उलट काही मुले पहिले अक्षर पाहून शब्दाचा तर्क करतात. चित्रात बैल असेल तर ‘बसला’ हा शब्दही ‘बैल’ म्हणून वाचतात. या मुलांस अर्थाची ओढ आहे, ही चांगली गोष्ट; पण डोळा शब्दाच्या शेवटापर्यंत जात नाही. आणि काहीजण अस्खलित वाचतात, परंतु पुस्तक मिटून “काय झाले गोष्टीत?” असे विचारले की गप्प बसतात. वाचले आणि समजले या दोन गोष्टी निराळ्या मोजाव्या लागतात. गोष्ट मुलाने आपल्या घरच्या बोलीत सांगितली तरी ती पूर्ण धरावी. ‘आला व्हता’ म्हणणाऱ्या मुलास त्या घटकेला ‘होता’ शिकविण्याच्या नादात आपण त्याची समज तपासावयाचे विसरतो.

संख्यांच्या बाबतीत आपल्या भाषेने एक खास अडचण करून ठेवली आहे. ‘त्रेसष्ट’ म्हणताना तीन आधी ऐकू येतो आणि साठ मागून. मूल ऐकल्याप्रमाणे लिहिते : ३६. ‘एकोणपन्नास’ ऐकून ५१ लिहिणारे मूल मूर्ख नाही. त्याने ‘एक’ ऐकला, ‘पन्नास’ ऐकले आणि दोन्हींची बेरीज केली; उणे करावयाचे असते हे त्यास कोणी सांगितले नाही. २०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात जुन्या नावांच्या जोडीने ‘वीस एक, वीस दोन’ अशी वाचनाची रीत आली, तेव्हा मोठा गहजब झाला. गणित समितीच्या अध्यक्षा डॉ. मंगला नारळीकर यांचा हेतू मुलांची हीच अडचण दूर करण्याचा होता. त्या वादात कोणती बाजू बरोबर हा येथे प्रश्न नाही. शिक्षकाच्या कामाची गोष्ट ही की, अंकलेखनात चूक झाली म्हणजे ती संख्येच्या समजेची चूक आहे की केवळ नावाची, हे दोन प्रश्नांत ओळखता येते. ३६ लिहिणाऱ्या मुलास काड्यांचे गठ्ठे देऊन “त्रेसष्ट काड्या काढ” म्हणावे. त्याने सहा गठ्ठे व तीन सुट्या काड्या काढल्या, तर त्यास संख्या ठाऊक आहे, लिहिण्याचा क्रम तेवढा चुकतो. तीन गठ्ठे व सहा काड्या काढल्या, तर नावच पक्के झालेले नाही.

वर्गात आपण दिवसाकाठी कितीतरी प्रश्न विचारतो, पण त्यांतील बरेचसे पारख करणारे नसतात. “समजले का?” हा त्यांतला सर्वांत निरुपयोगी प्रश्न. त्यावर “हो, गुरुजी!” असा जो घोष उठतो, त्यात न समजलेल्याचाच आवाज पुष्कळदा मोठा असतो. त्यापेक्षा एक प्रश्न घालावा, सर्वांनी पाटीवर उत्तर लिहून पाटी छातीशी धरावी आणि खूण करताच एकदम फिरवावी. एका दृष्टिक्षेपात सारा वर्ग दिसतो आणि शेजाऱ्याचे पाहून लिहिण्यास अवधी राहत नाही. प्रश्न विचारल्यावर थोडे थांबावे, हेही सांगितले पाहिजे. आपण एक क्षण वाट पाहतो आणि हात वर केलेल्या त्याच दोन मुलांपैकी एकास उठवितो. मनात पाच आकडे मोजून मगच नाव घ्यावे. शांततेची भीती शिक्षकास वाटते, मुलास नव्हे.

प्रश्नाची घडणही पाहावी. या भागातील प्रत्येक घरात १९६१ च्या पुराची आठवण आहे. “पानशेत धरण केव्हा फुटले?” असे विचारले तर मूल “१२ जुलै १९६१” असे सांगेल आणि बरोबरची खूण मिळवील. त्यावरून त्यास तारीख ठाऊक आहे एवढे कळते. “पानशेत फुटले, मग त्याच दिवशी खडकवासल्याचे धरण का फुटले?” असे विचारून पाहा. एक मूल म्हणेल, “ते जुने होते म्हणून.” दुसरे म्हणेल, “पाऊस फार पडला म्हणून.” तिसरे म्हणेल, “वरचे सगळे पाणी नदीने खाली याच धरणात आले आणि भिंतीवरून वाहू लागले.” या एका प्रश्नात अंबी आणि मुठा या नद्या, उतार, साठवण, वरचे व खालचे धरण यांची समज एकदम बाहेर येते. पहिल्या दोन उत्तरांत काहीच तथ्य नाही असेही नाही, “जुने होते हे खरे, पण मग ते आदल्या दिवशी का नाही फुटले?” असा उपप्रश्न टाकला की मूल पुन्हा विचार करू लागते. त्यास ‘चूक’ म्हणून खाली बसविले तर तो विचार तेथेच थांबतो.

खडकवासल्यासच १९१६ मध्ये स्थापन झालेले केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्र आहे. तेथे धरणाची व बंदराची लहान प्रतिकृती करून तीत पाणी खेळवितात आणि दोष कोठे निघतो ते आधी पाहतात. प्रतिकृतीत दोष निघाला तर कोणाचे नुकसान होत नाही. पाटीवरची चूक अशीच स्वस्त असते. ती पुसता येते. दुसरीत पाटीवर झालेली चूक आपण जपून पाहिली नाही, तर तीच चूक पाचवीच्या उत्तरपत्रिकेवर येते, आणि तेथे ती पुसता येत नाही.

लेखी परीक्षा मुलास काय येत नाही हे लपविते, तसे कधीकधी काय येते हेही लपविते. ब्राझील देशातील रेसिफे शहरात रस्त्यावर नारळ-फळे विकणाऱ्या मुलांचा एक अभ्यास १९८५ मध्ये प्रसिद्ध झाला. संशोधक गिऱ्हाईक होऊन गेले व हिशेब विचारू लागले. मुलांनी शंभरात अठ्ठ्याण्णव उत्तरे बरोबर दिली. तेच आकडे कागदावर शाळेतील उदाहरणाप्रमाणे मांडून दिले, तेव्हा जेमतेम सदतीस बरोबर आली. मुले तीच, आकडे तेच. अभ्यासातील मुले अवघी पाच होती, म्हणून त्यावर फार मोठे अनुमान बांधू नये. परंतु आपल्याकडे असे मूल कोणत्या वर्गात नाही? शनिवार-रविवारी धरणाच्या चौपाटीवर आईबरोबर मक्याची कणसे विकणारी मुले आपल्याच पटावर आहेत. पाचशेच्या नोटेतून पस्तीसप्रमाणे चार कणसांचे पैसे वळते करून ती क्षणात तीनशे साठ परत देतात आणि सोमवारी वर्गात ५०० वजा १४० चुकवितात. अशा मुलास तोंडी हिशेब घालावा, त्याने तो कसा केला ते बोलून घ्यावे आणि मग तीच रीत पाटीवर उतरवून दाखवावी. “एकशेचाळीसला साठ घातले की दोनशे, मग पुढे तीनशे” अशी त्याची रीत असते. ती पुस्तकातील नाही, पण ती बरोबर आहे.

माझा तो चौथीचा विद्यार्थी पुढे पुष्कळ वर्षांनी मला याच चौपाटीवर भेटला. कणसे भाजत होता. त्यानेच मला ओळखले. “गुरुजी, बसा,” म्हणाला, पैसे घेईना. माझ्यासमोर आठ-दहा गिऱ्हाइकांचा हिशेब त्याने बोलता बोलता चोख केला. गर्दी ओसरल्यावर खिशातून घडी केलेला कागद काढला आणि म्हणाला, “एवढं वाचून दाखवता का? पोरगं अजून घरी आलं नाही.” कुठल्याशा कचेरीची सूचना होती. मी वाचून दाखविली. माझ्या परीक्षेने त्याचे गणित पाहिले नव्हते आणि त्याचे वाचनही पाहिले नव्हते; तरी मी त्यास उत्तीर्ण केले होते.

आता वह्यांविषयी थोडेसे. वही तपासताना तांबडी खूण व गुण देण्यापेक्षा एक वाक्य लिहावे. इस्रायलमधील रूथ बटलर यांनी १९८८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात काही मुलांस केवळ गुण, काहींस केवळ सूचना व काहींस दोन्ही दिले. ज्यांस केवळ सूचना मिळाली त्यांचे काम सुधारले. गुण आणि सूचना दोन्ही मिळालेली मुले केवळ गुण मिळालेल्यांप्रमाणेच राहिली. मूल आधी आकडा पाहते, शेजाऱ्याचा पाहते आणि वही मिटते. सूचनाही “छान”, “सुधारणा करा” अशी नसावी. “शून्यातून घेताना आधी शतक मोड” ही सूचना झाली. रोज साऱ्या वह्यांवर असे लिहिणे शक्य नाही, हे मी जाणतो. आठ वह्या घ्याव्यात; चार-पाच दिवसांत पाळी सर्वांपर्यंत पोहोचते.

वेळ कोठून आणावा, असे आपण विचाराल. दोन शिक्षक, चार-पाच वर्ग, त्यात माहिती भरण्याची कामे, बैठका, पोषण आहाराचा हिशेब. ही तक्रार खरी आहे व तिचे उत्तर सर्वस्वी शिक्षकाने द्यावे असे नाही. तथापि नोंदींच्या लांबलचक वाक्यांवर आज जो वेळ जातो, तो यासाठी मोकळा करता येईल. एक लहान वही खिशात किंवा टेबलावर असू द्यावी. प्रत्येक मुलास एक पान. त्यावर तारीख आणि एकच ओळ, तीही स्वतःच्या भाषेत : “१४ जुलै. हातचा कळतो. मधले शून्य अडते. गठ्ठे.” पुढे काय केले आणि काय फरक पडला, याची दुसरी ओळ. ही वही पालकसभेतही कामास येते. “तुमचा मुलगा गणितात मध्यम आहे” असे ऐकून आईने घरी काय करावे? “त्याला शंभराच्या नोटेचे सुटे करून मोजायला द्या” असे सांगितले तर ती माउली निरक्षर असली तरी ते करू शकते. यापुढील भेटीत मी वर्णनात्मक नोंदींच्या आधी हीच वही मागणार आहे. कोरी असली तरी चालेल; उतरवून काढलेली नसावी.

त्या द्विशिक्षकी शाळेत मी पंधरवड्याने पुन्हा गेलो. बाईंनी काड्यांचे शंभराचे तीन गठ्ठे बांधून ठेवले होते, प्रत्येकात दहा-दहाचे दहा जुडगे. तिसरी मुलगी, १८६ वाली, त्या पहिल्या मुलास शिकवीत बसली होती. त्याने शंभराचा गठ्ठा सोडला, एक जुडगा मोडून सुट्या काड्या केल्या आणि पाटीवर दशकाच्या घरात १० लिहिले. तिने त्याचा हात धरला. “अरे, एक जुडगा मोडलास ना? मग दहा कसे राहतील? मोज.” त्याने मोजले. नऊ निघाले. त्याने १० पुसून ९ लिहिले आणि मग माझ्याकडे न पाहता पुढची वजाबाकी स्वतःच मांडली : ५०२ वजा २३७. दुसरी मुलगी त्या दिवशी गैरहजर होती. बाईंच्या वहीतील तिच्या पानावरची दुसरी ओळ अजून लिहावयाची आहे.